धाकटीची अर्धी ओळ

माझ्या धाकट्या जावेचा आवाज पुढे पुष्कळांनी ऐकला. पडद्यावर देवापुढे हात जोडून उभ्या राहिलेल्या किती तरी नायिकांच्या तोंडून ती गायली, आणि तिच्या भजनांच्या तबकड्या निघाल्या त्या वेगळ्याच. याची सुरुवात कशी झाली असं कुणी विचारलं की ती हसते आणि म्हणते, "आक्कांना विचारा, त्यांच्या वहीत हाय." वहीत आहेच, पण तिथे नुसत्या तारखा आणि सामान आहे. बाकीचं इथे लिहून ठेवते.

आमचं गाव मांजरसुंब्याच्या घाटापासून बैलगाडीने तासाभराच्या वाटेवर. निजामाचं राज्य होतं, शाळेत सगळं उर्दूतून चालायचं आणि तेही मुलांसाठीच. मला माझ्या वडिलांनी घरी मराठी लिहायला-वाचायला शिकवलं, त्यामुळे सासरी आल्या आल्या घरातल्या सगळ्या याद्या माझ्याकडे आल्या. अठरा माणसांच्या घरात बियाणं किती ठेवलं, लग्नाला कुणाकडून कोणती पातेली आणली, कोणती म्हैस कधी आटली, हे कुणीतरी लिहून ठेवावंच लागतं.

धाकटी तेलगावची. ती लग्न होऊन आली आणि दुसऱ्याच महिन्यात आमच्या गुरुवारच्या भजनाची म्होरकी झाली. तोवर आम्ही सात-आठ जणी दुपारी राममंदिरात बसून टाळ वाजवत जे काही करायचो त्याला गाणं म्हणणं अवघड होतं. तिने आल्यावर रीत लावली. तिने ओळ टाकायची आणि आम्ही उचलायची. म्हणजे असं, की अभंगाची अर्धी ओळ ती एकटी म्हणे, अशी काही उंच न्यायची की देवळातली कबुतरं उडावीत. आणि मधेच ती सोडून द्यायची. उरलेली अर्धी आम्ही सगळ्या मिळून म्हणायचो. तेवढ्यात ती दम खाई, पदराने मान पुसे, पुढची ओळ मनात जुळवी. चार वर्षांत आम्हाला याची इतकी सवय झाली की ती घरात भाकरी थापताना सहज काही गुणगुणली तरी उरलेली अर्धी ओळ माजघरातून कुणीतरी पुरी करायचंच.

एका एकादशीला आमच्या मंडळाला बीडला बोलावणं आलं. तिथल्या देवळात त्या दिवशी पुण्याच्या एका बोलपट कंपनीचे मास्तर बसले होते. कंपनीच्या गाण्यांना चाली लावणं हे त्यांचं काम, आणि बीड ही त्यांची सासुरवाडी. तिसऱ्या दिवशी ते टांगा करून आमच्या दारात. मामंजी, म्हणजे माझे सासरे, गावचे पाटील. ओसरीवर दोघं बसले आणि आम्ही दोघी दाराआड.

मास्तरांनी नवी रीत समजावून सांगितली. पडद्यावर एकीने ओठ हलवायचे आणि गाणं दुसरीने म्हणायचं, असं तेव्हा नुकतंच सुरू झालं होतं.

"पडद्यावर त्या दिसणार नाहीत, पाटील. नुसता आवाज."

"दिसनार न्हाई, मग लोकांना कळनार कसं कोन गातंय ते?"

"कळणार नाही."

"नाव?"

"नावही येत नाही सहसा."

मामंजींनी सुपारी कातरली. "मंग तकरार कशाची? पन एक सांगतो मास्तर. इजाजत एकदाच. जमलं तर पुढचं बघू. न्हाई जमलं तर गान्यापायी गाव सोडायचं नाव या घरात परत काढायचं न्हाई. आन थोरली संगं जाईल."

दाराआड धाकटीने माझा दंड इतका घट्ट धरला की दुसऱ्या दिवशी तिथे निळं पडलं होतं. "आक्का, मला लई जायचंय. पन न्हाई जमलं तर?"

"जमंल."

"तुमी लिवून देता का तसं?"

मी यादी करायला घेतली. दोघींची लुगडी, टाळ, कंदील, दशम्या, शेंगांची चटणी वेगळ्या फडक्यात, तिचा खडीसाखरेचा डबा, नगरहून जाणाऱ्या गाडीची वेळ. धाकटे भाऊजी, म्हणजे तिचे यजमान, सोबतीला होते. बीडहून मोटारीने निघालो. हद्दीवर करोडगिरीचा, म्हणजे जकातीचा नाका होता, निजामाच्या राज्यातून बाहेर जाणारा सामानाचा प्रत्येक डाग तिथे उघडून बघत. नाकेदाराने आमचं गाठोडं सोडलं आणि टाळ वर काढले.

"ये क्या बेचने ले जा रहे?"

"बेचनेका न्हाई, बजानेका हाय," धाकटी म्हणाली आणि त्याच्या हातातून घेऊन वाजवूनच दाखवले. मोटारीतली माणसं हसली. भाऊजींनी माझी यादी त्याला उर्दूत वाचून दाखवली, त्याने एकेक डाग जुळवून पाहिला आणि म्हणाला की इतका साफ हिशेब त्याला व्यापाऱ्यांकडूनही मिळत नाही. चटणीची चव मात्र घेतलीच.

पुण्यात कंपनीने आम्हाला दोन खोल्या दिल्या. गाणं नवंच रचलेलं होतं, देवळात एकट्या उभ्या असलेल्या नायिकेचं. दहा दिवस मास्तर रोज सकाळी पेटीवाल्यांना घेऊन येत, पेटीवर चाल सांगत, धाकटी म्हणे. तिला चाल दोनदा ऐकली की पाठ. मास्तर खूश, पेटीवाले खूश, भाऊजी तर पुण्याच्या चहावरच खूश. मीही पाठीशी बसून मान डोलवायचे.

अकराव्या दिवशी आम्हाला कंपनीच्या मोठ्या पत्र्याच्या कोठीत नेलं. तिथे गाणं भरून घेत. वरून एक ध्वनिग्राहक टांगलेला, त्याला ते लोक माइक म्हणत. काचेच्या खोलीत कानाला यंत्र लावलेले साहेब. सगळ्यांना सक्त ताकीद होती, की गाणारीखेरीज कुणी ब्र काढायचा नाही, एक चूक झाली की सगळं पहिल्यापासून.

मास्तरांनी हात वर केला. वाजवणाऱ्यांनी सुरुवात केली. धाकटीने पहिली अर्धी ओळ अशी घेतली की काचेतले साहेब उठून उभेच राहिले. आणि तिने ती सोडली.

पुढे काहीच नाही. नुसते वाजवणारे वाजवतायत. मास्तर हाताने खुणावतायत, पुढे, पुढे. धाकटी त्यांच्याकडे बघत उभी, तोंडावर अगदी शांत भाव, दमसुद्धा खाऊन झाला तिचा.

"बाई, पुढे म्हणा ना!"

"पुढचं तुमीच म्हनताव की रोज."

आणि तेव्हा मास्तरांच्या, माझ्या आणि पेटीवाल्यांच्या एकदमच लक्षात आलं. दहा दिवस ती अर्धी ओळ टाकत होती आणि पेटीवरून मास्तर उरलेली उचलत होते, शिकवणारा गातोच तसं. मागून मीही उचलत होते. तिने त्या गाण्याची एकही ओळ एकदाही पुरी म्हटलेली नव्हती, आणि कुणाला कळलंही नव्हतं.

वाजवणारे हसून लोळायचे बाकी राहिले. धाकटीही हसली. "म्हनते की सगळं. त्यात काय?"

दुसऱ्यांदा सुरू झालं. तिने अर्धी ओळ टाकली, आणि कोपऱ्यातल्या बाकड्यावरून उरलेली कुणीतरी खणखणीत आवाजात उचलली. ती मीच. शपथेवर सांगते, मी तोंड उघडल्याचं मला कळलं नाही.

"यांना बाहेर न्या," काचेतल्या साहेबांनी सांगितलं.

तिसऱ्या, चौथ्या वेळी मी दाराबाहेरून ऐकत होते. आता ती पुरी ओळ म्हणत होती, पण तिसऱ्या ओळीपासून आवाज बसायचा, शेवटचा शब्द विहिरीत पडल्यासारखा. पाचव्यांदा तर ओळीच्या मधेच ठसका लागला. संध्याकाळी बोलपट दिग्दर्शित करणारे गृहस्थ आले. भला माणूस, आवाज चढवला नाही. "मास्तर, उद्या दुपारपर्यंत बघा. परवा नायिकेला घेऊन चित्रीकरण आहे. नाहीतर मुंबईच्या बाईंना तार करू."

खोलीवर आल्यावर धाकटी भिंतीला टेकून बसली. भाऊजी म्हणाले, "जाऊ दे, गावी काय गुरुवार न्हाई का?"

"गुरुवार हाय," ती म्हणाली. "पन मला हे बी पायजे." आणि मग रडायलाच लागली. "मामंजी शब्दाचे पक्के हायत, आक्का. एकदा म्हनले म्हंजी एकदाच."

रडणाऱ्या माणसाला काम द्यावं असं माझं मत आहे. मी कागद काढला, गाण्याच्या आठही ओळी लिहिल्या आणि तिला म्हणायला लावल्या. जिथे ती दम घेई तिथे टिंब. चारदा केलं, टिंबं तिथल्या तिथेच. मग दिसलं की तिचा दम मुळी कमी नव्हता. अर्ध्या ओळीत ती सगळाच खर्चून टाकत होती, कारण पुढे विसावा ठरलेला. आणि विसावा मागायला तिची नजर समोरच्याच्या तोंडाकडे जायची. मास्तर दिसले की तिचा गळा आपोआप बंद.

"धाकटे," मी विचारलं, "तू कधी एकटीनं गायलीस का? मागं कुनी नसताना?"

"कुनी नसताना कावून गाईन?" मग तिला आठवलं. "माळ्यावर गायचे की. तेलगावात. जवारी हुरड्यात आली की पाखरं राखायला दादा मला माळ्यावर बसवायचा. चार खांबांचा उंच माळा, आसपास कुनी न्हाई. गोफन फिरवून हात दुखला की मी गायचे. पाखरं गान्यानं बी उडतात."

"आन ओळ कोन उचलायचं?"

"पाखरं उचलनार व्हय? सगळी मीच." ती सरळ बसली. "आक्का, सगळी मीच म्हनायची की!"

"मंग म्हन. भिंतीकडं तोंड कर आन म्हन."

तिने भिंतीकडे तोंड केलं, कमरेवर हात ठेवले, आणि पहिली ओळ पुरी म्हटली. टिंब शेवटी. खालच्या मजल्यावरून कुणीतरी ओरडून विचारलं की काय झालं.

सकाळी मी मास्तरांना गाठलं. माझ्या कागदावर तीन गोष्टी होत्या: तिला उंचावर उभं करा, तिच्यासमोर कुणी दिसता कामा नये, आणि माइक लांब न्या, कारण माळ्यावरचा आवाज शेताच्या टोकाला जायचा असतो. मास्तरांनी कागद वाचला, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाले, "बाई, तुम्ही आमच्या कंपनीत येता का?"

उंचावर म्हणून कंपनीच्या माणसांनी एक सिंहासन ओढत आणलं. पौराणिक बोलपटातलं, सोनेरी कागद लावलेलं. धाकटी दोन पावलं मागे सरली.

"ह्याच्यावर देव बसतो."

"अहो, देव म्हणजे आपला नटच बसतो त्यावर. काल त्याने त्याच्यावर बसून भजी खाल्ली."

"खाऊ द्या. मी पाय न्हाई लावनार."

मग कोठीच्या मागे काम करणाऱ्या सुताराचं बाक आणलं, रंध्याच्या भुशासकट. ते चांगलं कमरेइतकं उंच. धाकटी पदर खोचून त्यावर चढली आणि कोऱ्या पत्र्याच्या भिंतीकडे तोंड करून उभी राहिली. वाजवणारे सगळे तिच्या पाठीशी. माइक आधी चार पावलं लांब नेला, मग साहेबांनी काचेतून हात हलवला, आणखी तीन. मला या वेळी आत बसू दिलं, पण मी पदराचा बोळा तोंडात धरला होता.

तिने पहिली ओळ घेतली. अर्ध्यावर आली, आणि माझे दात पदरावर आवळले गेले. ती थांबली नाही. ओळ तशीच पुढे गेली, वर गेली, शेवटच्या शब्दावर जरा डोलली आणि खाली उतरली. दुसरीही तशीच. मी बोटांवर मोजत होते. पाचव्या ओळीला मास्तरांनी डोळे मिटले. सातव्या ओळीला दारात सुतार येऊन उभा राहिला, हातात करवत, आणि कुणीही त्याला हाकललं नाही. आठवी ओळ संपली तरी हात वरच धरून मास्तर उभे होते, तो आवाज पुरता विरेपर्यंत.

मग साहेब काचेच्या खोलीतून बाहेर आले. त्यांना बाहेर आलेलं आम्ही पहिल्यांदाच पाहत होतो. "झालं," ते म्हणाले. "परत घ्यायला नको."

एकच गलका झाला. पेटीवाले टाळ्या वाजवत होते, तबलजीने भाऊजींना मिठी मारली, भाऊजींना कळेना आपण काय केलं. मी तोंडातला पदर काढला तर त्याला दातांची भोकं पडलेली. धाकटी अजून बाकावरच.

"उतर आता," मी म्हटलं.

"आक्का, जमलं का?"

"जमलं म्हनतायत."

"मामंजींना कोन सांगनार?"

"मी लिवते ना."

मास्तरांनी खिशातून कागदांची घडी काढली. याच बोलपटात नायिकेची आणखी तीन गाणी होती आणि आजवर ती कुणाला द्यायची ते ठरत नव्हतं. घडी त्यांनी वर, बाकावर उभ्या असलेल्या धाकटीच्या हातात दिली. तिला वाचता येत नव्हतं. तिने ती उलटी-सुलटी करून पाहिली आणि माझ्याकडे दिली.

तेवढ्यात सुतार पुढे आला. "बाई, गाणं लई झ्याक झालं. आता बाक द्या, माझं दार अर्धं राहिलंय."

"बाक इथेच राहील," मास्तर म्हणाले.

"किती दिवस?"

"तीन गाणी आहेत. पुढचं पुढे बघू."

"आन मी रंधा कशावर मारू? ह्या बाईंच्या डोक्यावर?"

"मास्तर," धाकटी वरूनच म्हणाली, "त्यांना ते सोन्याचं सिंहासन द्या की."

सुताराने सिंहासनाकडे पाहिलं, करवत त्यावर टेकवली आणि त्याची उंची हाताने मापायला लागला.