लाल सिग्नलवरचा विंगर

समस्त नागरिकांना अत्यंत गांभीर्याने कळवण्यात येते की, जर्मनीतल्या रेगेन्सबर्गमधल्या सर्वांत वेगवान माणसाची बस माझ्या डोळ्यांदेखत चुकली.

आमच्या वरच्या मजल्यावर राहणारा हा दक्षिण आफ्रिकेचा विंगर, म्हणजे फुटबॉलमध्ये मैदानाच्या कडेने धावणारा खेळाडू. चार देशांत उजव्या कडेने धावून झालं, करार संपला आणि त्या सकाळी नव्या क्लबची शेवटची चाचणी होती. जिन्यात तीन-तीन पायऱ्या गाळणारा हा गडी रिकाम्या रस्त्यावर लाल सिग्नलला जागच्या जागी उड्या मारत थांबला. पलीकडे बसचं दार मिटत होतं.

"अरे पळ! एक गाडी नाहीये!" मी इंग्रजीत ओरडलो. अर्थात, त्याच्या शेजारी तसाच उभा राहून.

बस गेली. मग सिग्नल हिरवा झाला. सिग्नल कोण मोडतंय यावर नजर ठेवत खिडक्यांत उशीवर कोपरं टेकून बसलेल्या आज्यांकडे हात करत तो किंचाळला, "मैदानात रेफरी एकच असतो हो! इथे प्रत्येक खिडकीत एक आहे!"