रुसलेल्या नवरदेवाचे शपथपत्र

आमचे लग्न झाले आहे, हे सिद्ध करण्याची वेळ माझ्यावर आली तेव्हा त्या लग्नाला तीसहून अधिक वर्षे लोटली होती, आणि घरात पुरावा म्हणावा असा एकही कागद नव्हता.

निमित्त आनंदाचे होते. परदेशात राहणाऱ्या आमच्या मुलीला दिवस गेले होते आणि बाळंतपणाला तिला आई जवळ हवी होती. "बाबा, तुम्ही नाही आले तरी चालेल, पण आईला पाठवा," असे ती फोनवर म्हणाली. हे ऐकून मला काहीच वाटले नाही, असे लिहिले तर ते खरे होणार नाही. परंतु तिचा विचार बरोबर होता. बाळंतिणीच्या खोलीत निवृत्तीला आलेल्या मास्तराचा उपयोग तो काय?

पत्नीच्या पासपोर्टचा अर्ज भरायला चिखलीच्या एका दुकानात गेलो आणि तिथे अडकलो. तिचा शाळा सोडल्याचा दाखला माहेरच्या नावाचा, आधार कार्ड सासरच्या नावाचे. आडनाव बदलते हे सर्वांनाच ठाऊक असते. पण आमच्याकडे नवरदेव ताटातल्या तांदळांवर अंगठीने नवरीचे नवे नाव लिहितो आणि पुढे तेच चालते. त्यामुळे दाखल्यावरची बाई आणि आधारावरची बाई यांच्यात एक जन्मतारीख सोडली तर काहीच जुळत नव्हते.

"सर, कागदावर ह्या दोन बाया आहेत," दुकानदार म्हणाला. "यायले जोडणारा एकच कागद रायते. विवाह नोंदणीचा दाखला. काढला नाई काय?"

काढला नव्हता. आमच्या वेळी गाव जेवले, भटजींनी अक्षता टाकल्या, की लग्न झाले. त्याची नोंद सरकारकडे करायची असते, असे कोणाच्या मनातही येत नसे. माझ्या मात्र यायला हवे होते. शाळेत इतरांचे दाखले आणि फॉर्म तपासण्यात माझी सारी नोकरी गेली होती.

आम्ही उंद्रीच्या बाजूला एका खेड्यात राहतो. गावातली विवाह नोंदणी ग्रामपंचायतीत होते आणि ती ग्रामसेविका पाहतात. या मॅडम वयाने माझ्या मुलीएवढ्या, बोलायला मोकळ्या आणि कामाला काटेकोर. त्यांनी काय काय लागेल ते सांगितले: दोघांचे दाखले, आधार, लग्नपत्रिका, लग्नाला हजर असलेले तीन साक्षीदार, लग्न लावणाऱ्या भटजींची सही आणि लग्नातला एक फोटो. भटजी केव्हाच वारले होते. त्यावर शपथपत्राचा उपाय निघाला. पत्रिका माझ्या काकूंनी देवघरातून काढून दिली. साक्षीदार म्हणून काका, काकू आणि साखरखेर्ड्याचा माझा मेहुणा असे तिघे ठरले. फोटोंचा तर आमच्याकडे अख्खा अल्बमच होता, म्हणून मी तो निश्चिंत मनाने त्यांच्या टेबलावर ठेवला.

मॅडमनी पाने उलटली. पुन्हा पहिल्यापासून उलटली.

"सर, यात तुम्ही दिसता. ताई कुठायत?"

"ही काय, शेजारी."

"ही साडी आहे, सर."

मी चष्मा लावून पाहिले. त्यांचे म्हणणे अक्षरशः खरे होते. एकाही फोटोत पत्नीचा चेहरा नव्हता. त्या काळी नवरीने मान वर केली, की "पोरगी लई धीट दिसते" असा शेरा पंगतीपर्यंत पोहोचत असे. म्हणून तिची हनुवटी छातीला टेकलेली, पदर कपाळाखाली आणि पदराखालून मुंडावळ्या लोंबत असलेल्या. एका फोटोत तर तिच्या डोक्यावर मागून आलेला, बांगड्यांनी भरलेला एक हात स्पष्ट दिसतो. तो तिच्या मावशीचा. मान चुकून वर जाऊ नये म्हणून मावशी दिवसभर मागे उभ्या होत्या.

"नवरीचं तोंड दिसलं पायजे, सर. नाहीतर उद्या वर कोणी विचारलं, का ही तीच बाई कशावरून, तर मी काय सांगू?"

मी अल्बम पिशवीत घातला. परतताना मात्र एक गोष्ट मनात घोळत राहिली. हा अल्बम दर दिवाळीच्या साफसफाईला माझ्या हाती येई. मी तो पुसत असे, चाळत असे, पाव्हण्यांना दाखवत असे. त्यात ती दिसत नाही, हे माझ्या कधीही लक्षात आले नव्हते. मी दिसत होतो, तेवढे मला पुरले असावे.

"माहेरी पाहू," पत्नी म्हणाली. "आईच्या ट्रंकेत एखादा असन."

दुसऱ्या दिवशी आम्ही चिखलीला एसटी बदलून साखरखेर्ड्याला गेलो. मेहुण्याने ट्रंक ओसरीवर आणून उघडली. लुगडी निघाली, तांब्याचा गडवा निघाला, आणि तळाशी एका पाकिटात तो फोटो निघाला. तो पाहताच पत्नीने तोंडाला पदर लावला आणि ती हसू लागली.

फोटोतही ती हसतच होती. मान मागे टाकून, डोळे मिटून, सगळे दात दाखवत. तीच साडी, त्याच मुंडावळ्या, आणि बाजूला मावशींचा तोच बांगड्यांचा हात, पण यावेळी मावशींनी तो स्वतःच्याच तोंडावर धरलेला. चेहरा इतका लख्ख, की कोणत्याही अधिकाऱ्याने डोळे झाकून शिक्का मारावा.

मेहुण्याने लगेच मोबाईलवर फोटो काढून मॅडमना पाठवला. थोड्याच वेळात त्यांचा फोन आला. मेहुण्याने तो सर्वांना ऐकू येईल असा लावला.

"ताई, लई मस्त फोटो आहे हो! पण यात नवरदेव कुठाय?"

मेहुणा माझ्याकडे पाहू लागला, आणि माझ्याऐवजी त्यानेच उत्तर दिले.

"मॅडम, नवरदेव तवा रुसले होते."

हे मला सविस्तर सांगितले पाहिजे. आमच्या भागात लग्न लागल्यावर नवरदेवाने जेवणाच्या वेळी रुसून बसायचे, अशी रीत होती. सासरच्यांनी मनधरणी करायची, काहीतरी वस्तू द्यायची, मग त्याने घास घ्यायचा. माझा स्वभाव तसा नव्हता; पण काकांनी कानाशी लागून बजावले होते, "लगेच बसशीन पंगतीत तर लोक म्हणतीन, उपाशी पोट्टं आणलं. टेपरेकॉर्डर माग, अन् देल्ल्याबिगर उठू नको बे!" आमचा जानोसा, म्हणजे वऱ्हाडाच्या उतरण्याची जागा, मुलीच्या घरासमोरच्या शाळेत होता. मी गळ्यातला हार खिडकीच्या गजाला अडकवला, खिडकीकडे पाठ केली आणि भिंतीवरच्या पाढ्यांच्या तक्त्याकडे पाहत रुसून बसलो. ऊन उतरेपर्यंत बसलो. टेपरेकॉर्डर काही मिळाला नाही. शेवटी सासऱ्यांनी घरातला रेडिओ स्वतः उचलून आणला आणि माझ्यापुढे ठेवला, तेव्हा मी उठलो.

तो रेडिओ मला आयुष्यभर टोचला. सासऱ्यांचा तो एकुलता विरंगुळा मी हिसकावून घेतला आणि त्या दुपारी समोरच्या घरात नवी नवरी रडत बसली असेल, असे मी धरून चाललो होतो. तिच्याजवळ हा विषय काढण्याचे धैर्य मला कधी झाले नाही. मनातल्या मनात मात्र मी तिची कितीतरी वेळा क्षमा मागितली होती.

"मग तू रडत नव्हतीस?" मी पत्नीला विचारले.

"रडू कायले? बकरी तुमचा हार खाऊन राह्यली होती न!"

"कोणती बकरी?"

"घ्या! यायले बकरीच माहीत नाई!" मेहुणा मांडीवर थाप मारत म्हणाला. "भाऊजी, तुमी तिकडं तोंड करून फुगून बसले, अन् इकडं बकरी मागच्या दोन पायावर उभी राहून गजाचा हार ओढून राह्यली. एकेक झेंडू. सारा मांडव पाहत होता. फोटोवालाही इकडंच होता, त्यानं ताईचा फोटो घेतला."

हार पोरांनी पळवला असावा, अशी माझी समजूत होती.

"आणि हा फोटो मला आजवर कोणी दाखवला कसा नाही?"

"बाबांनं दाखू देल्ला नाई," मेहुणा म्हणाला. "म्हणे, जवाई रुसलेले अन् आपली पोरगी हसून राह्यली, त्यायले काय वाटन?"

तिकडे मॅडम फोनवर अजून होत्या. त्यांचे हसणे ऐकू येत होते. मग त्यांनी आवाज सावरला. "असं करा सर, दोन्ही फोटो लावा. अन् एक शपथपत्र करून आणा, का दोन्ही फोटोतली बाई एकच आहे, आणि दुसऱ्यात नवरदेव काऊन नाही त्याचं कारण. साक्षीदार सही करतीन न? मग झालं."

परतीच्या एसटीत खिडकीची जागा मी पत्नीला दिली. गाडी गावाबाहेर पडल्यावर मी म्हणालो, "त्या रेडिओचं मला फार वाईट वाटत आलं. बाबांचा जीव होता त्याच्यावर."

"त्या रेडिओवर?" ती हसली. "दोन थापडा खाल्ल्याबिगर बोलत नव्हता तो. तुमी नेला, अन् बाबांनं पुढच्याच हप्त्यात नवा आणला. खुश होते ते."

मला हायसे वाटले, आणि किंचित अपमानही. इतकी वर्षे जपलेला पश्चात्ताप असा एका वाक्यात निकाली निघाला. तेवढ्यात ती बाहेर पाहत, काहीशा निराळ्या आवाजात म्हणाली, "वाईट वाटलं ते दुसऱ्याच गोष्टीचं."

"कशाचं?"

"तुमचं ताट वाढून ठेवलं होतं. जवाई येतीन, येतीन म्हणून उचलू देत नव्हते बाबा. ताटापाशी बसले अन् उपरण्यानं माश्या वारत राह्यले. स्वतःही जेवले नाई तवरोक. मले मांडवातून दिसत होते."

ती पुन्हा खिडकीबाहेर पाहू लागली. मी क्षमा मागत आलो होतो ती भलत्याच गोष्टीची, आणि जिच्यासाठी मागायला हवी होती ती मला ठाऊकही नव्हती. सासरे जाऊनही आता बरीच वर्षे झाली.

चिखलीत उतरून आम्ही तहसीलजवळच्या टंकलेखकाकडे गेलो. मजकूर सांगता सांगता मी कारणापाशी थबकलो. टंकलेखक जाणता होता. "सर, 'अपरिहार्य कारणास्तव अनुपस्थित' असं टाकू का? चांगलं दिसते."

वाक्य चांगलेच होते. तसे एखादे वाक्य मी स्वतःही सहज रचले असते. शाळेच्या कागदांत आयुष्यभर अशीच वाक्ये रचली होती. पण शपथेवर लिहायचे होते, आणि अपरिहार्य तर त्यात काहीच नव्हते.

"'रुसून बसल्यामुळे' असं टाका," मी म्हणालो.

त्याची बोटे थांबली. "रुसून?"

"हाव, रुसूनच टाका भाऊ," पत्नी म्हणाली. "अन् बकरी?"

"बकरी नको," मी म्हणालो.

त्या आठवड्यातच आम्ही सगळे ग्रामपंचायतीत जमलो. मॅडमनी शपथपत्र मोठ्याने वाचले. 'उक्त समयी वर हा जानोशात रुसून बसल्यामुळे सदर छायाचित्रात दिसत नाही' या ओळीला काका खुर्चीतून उठले.

"मॅडम, त्यात माह्यं नाव टाका. म्याच रुसवलं होतं त्याले!"

"बसा तुमी खाली," काकू म्हणाल्या. "तुमी सोता किती रुसले होते आपल्या लग्नात, ते सांगू काय? माह्या बापाकडून सायकल घेतली तवा उठले."

"सह्या करा आधी," मॅडम म्हणाल्या. त्यांनी दोन्ही फोटो नीट चिकटवले: एकात मी आणि एक साडी, दुसऱ्यात ती आणि तिचे हसू. मधल्या जागेवर अर्धा इकडे, अर्धा तिकडे येईल असा शिक्का बसला.

दाखला हाती आला तेव्हा त्यावर तिची दोन्ही नावे होती, माहेरचे आणि सासरचे. पत्नीने मुलीला तिथूनच फोन लावला. "कागद झाला. आता पासपोर्ट होईन. येते मी." पलीकडून मुलीच्या रडण्याचा आवाज आला. आईने तिला दटावले, "रडू कायले? आता तं हासाचे दिवस आहेत तुहे."

दुपारी सगळे आमच्या घरी जेवायला थांबले. मेहुणा हात धुवायला मागे गेला होता आणि त्याचे ताट वाढलेले होते. वर पंखा फिरत होता, माशी एकही नव्हती. तरीही मी त्याच्या ताटापाशी बसलो आणि खांद्यावरचा टॉवेल हलकेच हलवत राहिलो.

"भाऊजी, काय करून राह्यले?" तो येऊन म्हणाला.

मी टॉवेल खांद्यावर टाकला. स्वयंपाकघराच्या दारात पत्नी भाकरीचे टोपले घेऊन उभी होती. तिने टॉवेलकडे पाहिले, माझ्याकडे पाहिले, आणि क्षणभर तिचे डोळे भरून आल्यासारखे वाटले. मग ती पुढे आली आणि माझ्याही ताटात भाकरी टाकली.

"जेवा आता तुमीही," ती म्हणाली. "नाईतं पुन्हा येईन बकरी."