तैसिया व्हिसा काढायला गेली त्याची गोष्ट

लिही, पोरी. तैसियाचं लिही. आपल्या समोरच्या दारातली तैसिया प्रोखोरोव्ना. तू तिच्याकडून सुई टोचून घेतलीस लहानपणी आणि तिच्या हाताला चावलीस, तीच.

सगळा जन्म दवाखान्यात इंजेक्शनं देण्यात गेला बाईचा. हात इतका हलका की म्हातारे मुद्दाम तिची पाळी बघून यायचे. आणि जाताना काय, चॉकलेटचा डबा. आपल्याकडे कोण कुठे रिकाम्या हाताने जातं? डॉक्टरला डबा, बाईंना डबा, नळवाल्यालासुद्धा. तैसियाला तर साखरेचा आजार, ती खाणार काय! सगळे डबे कपाटात. मग कुणाकडे काम निघालं की त्यातला एक उचलायचा आणि जायचं. एकदा तिने शाळेच्या मोठ्या बाईंना दिलेला डबा दोन हात फिरून नव्या वर्षाला तिच्याच दारात आला. फाटका कोपरा बघून ओळखला तिने. आम्ही हसून हसून लोळलो होतो.

तिची एकच मुलगी, उल्याना. तिने फिनलंडमधला नवरा केला, एस्को. माणूस चांगला, पण बोलणं असं की एका वाक्यानंतर आपण चहा करून आणावा, तरी दुसरं आलेलं नसतं. त्या वर्षी उल्यानाला दिवस गेले. पहिलंच बाळंतपण, तिकडे परक्या भाषेतल्या सुइणी, आणि पोरगी फोनवर रडते, "आई, तू हवीस मला. कळा सुरू झाल्या की हात धरायला तू हवीस."

आता आपल्या पेत्रोझावोद्स्कहून फिनलंड म्हणजे काय लांब? त्या वेळी तर बसगाड्या भरून लोक चीज आणि कॉफी आणायला जायचे. पण तैसिया कधी सीमेपलीकडे गेलेली नव्हती. आणि तेव्हा नुकताच नियम आला होता, बोटांचे ठसे द्यायला व्हिसाच्या कचेरीत जातीने जायचं. कागद उल्यानाने सांगितले, तिने जमवले. बोलावणं, विमा, पेन्शनचा दाखला, फोटो. मला म्हणाली, "क्लावा, तू चल माझ्याबरोबर. मला त्या काचेसमोर बोलता येणार नाही."

गेलो. तिने ठेवणीतला निळा कोट घातला, ओठांना रंग लावला. दारात शिपायाने पिशवी उघडायला लावली, आत डोकावला आणि सोडलं.

काचेमागे एक मुलगी बसलेली, छातीवर नाव लावलेलं, दीना. नीट बोलत होती, खोटं कशाला सांगू. कागद बघितले आणि म्हणाली, "फोटो बदलावा लागेल. यात चेहरा फार लहान आलाय. खालच्या मजल्यावर मशीन आहे, काढून आणा, मी थांबते."

एवढंच. काढून आणा, मी थांबते. पण तैसियाला काय ऐकू आलं असेल देव जाणे. आपल्या बायकांना काचेमागून "नाही" आलं की पुढे काय करायचं ते हातच ठरवतो. तिचा हात पिशवीत गेला आणि डबा बाहेर आला. सगळ्यात भारी, वर निळी फीत बांधलेला. सरकवला काचेखालच्या फटीतून.

"घे गं पोरी, चहाबरोबर खा."

मुलगी दचकून मागे सरकली. "हे काय? परत घ्या ते."

"अगं काही नाही, गोड आहे. दिवसभर बसून बसून वाळलीस."

"मावशी, उचला म्हणते ना! वर कॅमेरा आहे. माझी नोकरी जाईल."

तैसियाला वाटलं, मुलगी लाजतेय. आपल्याकडे तीनदा नाही म्हणायचंच असतं. तिने आणखी जरा पुढे ढकलला. मग आला शिपाई. म्हणाला, कुणी घेत नसेल तर असली वस्तू उघडून बघायचा नियम आहे. आणि त्याने सगळ्यांसमोर फीत सोडली, झाकण काढलं.

पोरी, आतली चॉकलेटं पांढरीफटक. जुन्या भिंतीसारखी. आणि त्यातून एक पाखरू उडालं, कपड्यांतल्या कसरीसारखं, आणि दीनाच्या काचेवर जाऊन बसलं.

रांगेतला एक जाड्या ओरडला, "मावशी, लाच द्यायची तर ताजी तरी द्यायची!"

सगळा हॉल हसला. शिपाई हसला. दीना नाही हसली, ती लालबुंद होऊन खाली बघत होती, आणि तेच तैसियाला जास्त लागलं. तिच्या मानेवरून लाली चढली ती कानापर्यंत. जिने आयुष्यात कुणाकडून एक पैसा घेतला नाही, ती लाच देणारी ठरली. आणि तीसुद्धा किडलेली. वळली आणि चालायला लागली. मी काउंटरवरचे कागद गोळा करतेय, दीना मागून सांगतेय, "अहो, नुसता फोटोच आणायचाय!" पण ही जिन्यावरून खाली, रस्त्यावर, थेट बसथांब्यावर.

घरी आली आणि कपाटातले सगळे डबे काळ्या पिशवीत भरून कचऱ्यात टाकले. मग स्वयंपाकघरात बसली, कोट अंगातच.

"उल्याला सांगेन, व्हिसा नाकारला."

मी म्हटलं, "कुणी नाकारला गं तुला?"

"मीच."

"उद्या जाऊ परत. मी बोलेन सगळं. तू फक्त बोटं टेकव."

"तिथे? त्या जाड्यासमोर?"

"तो जाड्या काय तिथे मुक्कामाला आहे?"

"तो नसेल. ती मुलगी असेल."

मी रोज म्हणायचे, ती रोज नाही म्हणून मान हलवायची. आणि फोनवर लेकीला सांगून टाकलं, नाकारला. उल्या रडली. पण एस्को! त्या माणसाला नाही म्हटलं की कारण लागतं. त्याने व्हिसाच्या ऑफिसात फोन करून विचारलं, माझ्या सासूला का नाकारलं? उत्तर आलं, या नावाचा अर्जच आलेला नाही.

मी तेव्हा तैसियाकडेच होते, आम्ही दोघी रानातली लाल बोरं निवडत होतो. फोन टेबलावर, आवाज मोठा लावलेला. उल्या हळू बोलत होती, ओरडली असती तर बरं झालं असतं.

"आई, तू अर्जच दिला नाहीस."

तैसिया बोरं निवडतच राहिली.

"यायचं नव्हतं तर सरळ सांगायचं. मी काय जबरदस्ती केली असती?"

मी कोपराने ढोसलं, बोल गं, बोल. तिचे ओठ हलले. पण काय सांगणार? लाच देताना पकडली गेले म्हणून? पाखरू उडालं म्हणून? "उल्यूश्का," एवढंच आलं तोंडातून, आणि तिकडून फोन बंद.

मग उल्याचा फोन येणं थांबलं. हिने केला तर एस्को उचलायचा, आपल्या मोडक्यातोडक्या रशियनमध्ये म्हणायचा, "उल्याना झोपली आहे." दुपारी झोपली आहे, सकाळी झोपली आहे. आणि एक दिवस त्याने फोटो पाठवला. गुंडाळलेलं लालेलाल बाळ. खाली फक्त वजन. तैसिया तो फोटो घेऊन माझ्याकडे आली आणि माझ्या बाकावर बसून इतकी रडली की मी शेगडीवरचं सूप विसरले, करपलं सगळं.

"क्लावा, माझ्या लाजेची किंमत माझ्या पोरीने एकटीने कळा सोसून मोजली."

मी उठून करपलेलं पातेलं उतरवलं आणि तिच्यासाठी चहा टाकला.

दुसऱ्या दिवशी तीच मला उठवायला आली. पिशवी नको म्हणाली, कागद प्लास्टिकच्या पारदर्शक पाकिटात, सगळ्यांना दिसतील असे. आधी खालच्या मजल्यावर नवा फोटो काढला. काचेमागे दीनाच. तैसियाने तिच्याकडे बघितलंच नाही, खाली बघून बोटं मशीनवर टेकवली. तर ठसे उमटेनात! सगळा जन्म स्पिरिट आणि ब्लीचच्या पाण्यात गेलेली बोटं, गुळगुळीत झालेली. मशीन लाल दिवा दाखवतंय, मागे रांग वाढतेय, आणि तैसिया बोटं कोटाला पुसून परत परत टेकवतेय. शेवटी दीना बाहेर आली, ओल्या फडक्याने एकेक बोट पुसलं आणि स्वतःच्या हाताने दाबून धरलं.

"घाबरू नका, तैसिया प्रोखोरोव्ना. येतील."

आले. व्हिसा मिळाला.

ती गेली आणि आली. सामान ठेवलं आणि माझ्याकडे बसली. मी विचारलं, सांगितलंस का पोरीला? म्हणाली, पहिल्याच रात्री सांगितलं, सगळं, पाखरासकट. तैसियाला वाटलं होतं, लेक हसेल. ती नुसतं म्हणाली, "इतक्यासाठी, आई?" आणि बाळाला पाजायला उठली.

मग रविवारी एस्कोची आई आली. नीटनेटकी बाई, केकबिक घेऊन. बाळंतपणात उल्याजवळ तीच होती. चहा पिताना तैसियाकडे बघून तिने त्यांच्या भाषेत काहीतरी विचारलं. तैसियाला एक शब्द कळला नाही, पण काय विचारलं ते कळलं: ही बाळंतपणाला का नाही आली? उल्याने उत्तर दिलं, छोटंसं, चार-पाच शब्दांचं. सासूने मान डोलावली आणि तैसियाच्या बशीत केकचा मोठा तुकडा ठेवला.

"आणि मी तो खाल्ला, क्लावा. साखर असून खाल्ला. नाही म्हणायला तोंड कुठे होतं मला?"

"पण उल्या म्हणाली काय?"

"विचारलं नाही मी."

अजून विचारलेलं नाही तिने.