तीन वाक्यांची बाई

मालनमावशी कॅमेऱ्यापुढं जायच्या आधी एकच सवाल करायची, "नाव काय माझं? आन् गाव?" तिचं स्वतःचं नाही हो, पात्राचं!

ही आमच्या नांदेडच्या गल्लीतली, मूळची मुदखेडची. टीव्हीवर एकच चॅनेल होतं ना, तेव्हा ती मुंबईला राहून मालिकांत कामं करायची. मोलकरीण, नर्स, शेजारीण. तब्बल दहा वर्षं! आणि त्यातलं आज काहीच बघायला मिळत नाही. टेपा महाग म्हणून जुनं पुसून त्यावरच नवीन घ्यायचे म्हणे. गल्लीतली पोरं चिडवायची, "मावशी, तुमी टीव्हीत होत्या का टीव्ही पुसायला?"

"दोन्ही केलं रे. पुसायचा सीन तर लई भारी केला."

कागदावर तिचं पात्र कायम नुसतं 'बाई'. एकदा लेखक वैतागला, "तीन वाक्यं आहेत तुमची, नाव कशाला?" मावशी चहाचा ट्रे घेऊन खालीच बसली. "तीन वाक्यं बोलणारीचंबी आईनं बारसं केलेलं असतं, साहेब. नाव सांगा, चहा आणते." शूटिंग बंद! शेवटी हिरोनं हाक मारली, "गिरजा, चहा." पुढं सहा महिने कुणी काम दिलं नाही तिला. मी विचारलं, पस्तावलीस का गं?

"न्हाई. गिरजा जगली की."

मागच्या वर्षी लातूरला कॉलेजात मी शॉर्टफिल्म केली, आमचं हॉस्टेल झाडणाऱ्या आजींवर. मावशीला नांदेडहून बोलावलं. ती लुगडं नेसून, खराटा घेऊन तयार. आणि झालं सुरू! "नाव काय माझं?"

"मावशी, 'म्हातारी' लिहिलंय बघ. ऊन उतरून राहिलं, उभी राहा ना!"

"जिच्यावर लिहिलंस तिचं नाव काय हाय?"

तीन वर्षं त्या रोज माझ्या दारापुढं झाडायच्या आणि मला नाव माहीत नव्हतं!

मावशी पायरीवर बसली. "जा, इचारून ये. मी काय पळून न्हाई जात."

मी पळाले. आजी नळावर हात धूत होत्या. "आज इचारून राहिलीस व्हय? धुरपता. उदगीरची."

मावशी उठली, दोनदा पुटपुटली, "धुरपता, उदगीरची." बघता बघता पाठ वाकली, एक खांदा उतरला. एका टेकमध्ये सीन ओके! फिल्म हॉस्टेलात दाखवली तेव्हा धुरपताबाई सगळ्यात पुढं बसल्या होत्या.

यंदा मावशी गेली. मी नांदेडहून परत आले तर धुरपताबाई दारापुढं झाडत होत्या. "ती माझं काम केलेली बाई बरी हाय का गं?"

मी सांगितलं. त्यांनी खराटा भिंतीला टेकवला.

"नाव काय हुतं तिचं?"

"मालन," मी म्हणाले. "मुदखेडची."