नमिताचं लेबर

आखातातल्या अल खोरची नमिता पीएचडी करून डॉक्टर झाली तेव्हा आम्ही सगळ्यांनी पेढे खाल्ले, विषय मात्र कुणी विचारला नाही. अमेरिकेतले गिरणी कामगार, त्यांचे संप आणि त्यांची चर्चं, यावर तिचा अभ्यास. रास लफानच्या गॅस प्लांटवरून नवरा, अमेय, घरी आला की ती एखादा प्रसंग सांगायला घ्यायची आणि तो सोफ्यावरच घोरायला लागायचा.

"एकदा तरी कुणी 'मग पुढे?' म्हणावं गं," ती म्हणायची. मला भारी वाईट वाटायचं.

म्हणून २००३ साली मीच शहरात, बिन महमूदला, माझ्या घरच्या हॉलमध्ये तिचं भाषण ठेवलं. बायका जमवायचं काम रुकैयाखालांकडे. खाला पूर्वी महाडच्या प्रसूतिगृहात आया होत्या. मी फोनवर म्हटलं, "डॉक्टर नमिता अमेरिकेतल्या लेबर मूव्हमेंटवर बोलणार आहेत."

"लय कामाचा विषय," खाला म्हणाल्या. "बघच तू."

शुक्रवारी हॉल खच्चून भरला, तोही पोटुशा बायकांनी! पुढच्याच खुर्चीत नववा महिना लागलेली सायरा, पाठीला दोन उशा लावून. नमिताचे डोळे भरून आले. तेवढ्यात सायराने विचारलं, "डॉक्टर, मूव्हमेंट रात्रीच जास्त का होते?"

माझी हसून हसून पुरेवाट. लेबर म्हणजे कामगार हे कळल्यावर खालांनी कपाळाला हात लावला. बायका पर्स उचलून उठायला लागल्या. नमिता पांढरीफटक पडली. मग तिने कागद बाजूला ठेवले.

"एक पोटुशी बाई संपावर गेली होती, तिची गोष्ट सांगू?"

उठलेल्या बसल्या. मालकाच्या पैशावर पोसलेला पाद्री संपाला पाप म्हणायचा. तेव्हा बायकांनी गिरणीच्या फाटकाबाहेरच प्रार्थना सुरू केली. त्यांच्यात ही अ‍ॅना, दिवस भरलेली. पोलिसांनी तिला उचलून कोठडीत टाकलं आणि तिथेच तिला कळा सुरू झाल्या.

खाली हॉर्न वाजला. बायकांना घेऊन आलेल्या अल खोरच्या बसचा ड्रायव्हर जहूर दारात येऊन म्हणाला, "यल्ला खाला, चला, उशीर होतोय!"

नमिता सवयीने कागद गोळा करू लागली.

"अहो, मग पुढे?" सायरा ओरडली. "सुटली का ती?"

"कशातून? कोठडीतून की..."

"दोन्हीतून गं बाई!"

नमिता हसत होती आणि रडतही होती. खालांनी जहूरला खुर्ची दिली.

"बस गप. खलास नाय झाला अजून."