अंधार राखणारा ओस्वाल्दो

ओस्वाल्दो कुठल्याही खोलीत शिरला की आधी दिवे बंद करायचा. दुबईतल्या डिस्कव्हरी गार्डन्समधल्या आमच्या घरी पहिल्यांदा जेवायला आला, तेव्हाही नमस्कार-चमत्कार व्हायच्या आत त्याने हॉलचा दिवा घालवला आणि खिडकीकडे तोंड करून समाधानाने बसला. "अहो, त्यांना सांगा, आमटीत काय पडलंय तेही दिसत नाहीये," बायको म्हणाली. लेकीने निकाल दिला, "बाबा, ही इज सो विअर्ड."

विअर्ड तो होताच. हवानाचा हा साठीतला सिनेमॅटोग्राफर दुबईत टॉवर, अत्तरं आणि व्हिलांच्या जाहिराती शूट करायचा, आणि त्या चित्रणाचे रंग नि उजेड कॉम्प्युटरवर जुळवणारा कलरिस्ट मी. तरुणपणी त्याच्या देशात फिल्मचा इतका तुटवडा, की तालीम दिवसभर आणि शॉट एकदाच. ती सवय इथेही सुटली नाही. क्लायंट दहा टेक मागायचा, हा एक देऊन कॅमेरा बंद करायचा. "खलास, हबीबी." एवढंच अरबी तो शिकला होता.

खिडकी पांढरीफटक, माणूस काळोखात, गालाच्या कडेला तेवढा उजेड, ही त्याची फ्रेम. "माझ्या गावी भर दुपारी घरातून बाहेर बघितलं तर काय दिसतं? काही नाही. पांढरं. मग खोटं कशाला दाखवू?" आमचे लाइटिंगवाले राजापूरचे सलीमभाई कपाळाला हात लावायचे. "साहेब, हा माणूस दिवे लावायला नाय, विझवायला पगार घेतो!"

जाहिरातींतल्या त्याच्या सावल्या मी क्लायंटसाठी खुशाल उजळून टाकायचो. तो हसायचा. "या त्यांच्या. माझी फिल्म येईल तेव्हा हात लावू नकोस."

त्याची म्हणजे दुबईतल्याच देरा भागातल्या धक्क्यावरच्या खलाशांची फिल्म. चार वर्षं सुट्टीच्या दिवशी एकटा जाऊन त्याने ती शूट केली. लाकडी गलबतांच्या पोटातला अंधार आणि त्यातून अर्धवट वर येणारे चेहरे. एवढ्या एका कामावर आपलं नाव राहावं, असं त्याने मला सरळ सांगितलं होतं. फिल्म आमच्याच कंपनीने एका टीव्ही चॅनलसाठी घेतली. बॉस म्हणाला, "चॅनलला फेसेस क्लिअर हवेत. यल्ला, दोन दिवसांत ब्राइट करून टाक." माझा व्हिसा कंपनीचा, नोकरी गेली की तोही गेला. मी केलं. आणि खरं सांगायचं तर फार सफाईने केलं.

ओस्वाल्दोने माझ्या शेजारी बसून ती शेवटपर्यंत पाहिली.

"तू केलंस?"

"चॅनलला हवं होतं."

"ते नाही विचारलं."

"हो. मी केलं."

"काम चांगलंय," तो म्हणाला. "माझं नाव काढून टाक."

मी काढलं. पुढे तो अजमानला स्वस्त जागेत राहायला गेला. मी फोन केला नाही, त्यानेही नाही. वर्षभराने सलीमभाईंचा आला. "ओस्वाल्दो गेला, साहेब. हार्ट." मी एका व्हिलाच्या स्विमिंग पूलचा निळा रंग जुळवत होतो. तो पुरा केला, मग जेवलो. रडू येईल म्हणून दोन-तीन दिवस वाट पाहिली, आलं नाही. अजूनही आत काही हलत नाही, आणि त्याची मला लाज वाटते.

त्याच्या मुलीने माद्रिदहून मेल केली. शोकसभेत दाखवायला तिला ती फिल्म हवी होती. मूळ फायली तोवर कंपनीने जागा हवी म्हणून पुसल्या होत्या. माझ्याकडे होती ती उजळलेली प्रत पाठवली, बाकी काही लिहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी तिचा फोन आला. "पपांच्या कामात मला कधी कुणाचा चेहराच नीट दिसला नव्हता. यात सगळे दिसतात. फार सुंदर आहे." मी थँक्यू म्हणालो. "फक्त शेवटी त्यांचं नाव नाहीये," ती म्हणाली, "चुकून राहिलं असेल. घालून द्याल का?"

मी घातलं. पाच मिनिटांचं काम होतं.