दहापैकी चार

तोताराम पाटलाचं कौतुक मला सांगू नका. तो चोपड्याचा, मी यावलचा. जळगावच्या कॉलेजात एका बाकावर बसून आम्ही फिजिक्स शिकलो. गुण मला जास्त होते. हे मी आजही सांगतो, बायको कंटाळली तरी.

पुढे तो बंगलोरला गेला. चुंबकीय अनुनादावर संशोधन केलं, सरकी न फोडता तिच्यातलं तेल मोजून दाखवलं. मी जळगावात लेक्चरर झालो, मेहरूणला घर बांधलं. तिथवर ठीक होतं. पण चौऱ्याऐंशी साली हा बाबा धुळ्याच्या कॉलेजात आला आणि दर रविवारी पेपरात विज्ञानावर लिहायला लागला. आमच्या गल्लीतला गिरणीवाला लोटनसुद्धा मला म्हणायचा, "सर, तोताराम सर तुमच्या वर्गातले ना? किती सोपं लिहितात." माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा. मीही तेच शिकवत होतो, मला कुणी सोपं म्हटलं नव्हतं.

एक्याण्णव साली कळलं, त्या लेखांचं पुस्तक निघतंय. त्याच रविवारी त्याने लिहिलं, की एमआरआयच्या चुंबकात माणसाला सरकवलं की अंगातल्या पाण्यातले सगळे कण कवायतीसारखे एका दिशेने उभे राहतात. सगळे? अहो, दहा लाखांत जेमतेम चार-पाच कण त्या बाजूला जास्त असतात. सापडला, म्हटलं. आता पुस्तक अडतंच.

कात्रणावर लाल पेनाने चूक दाखवली. सोबत 'एक वाचक' म्हणून संपादकांना डाव्या हाताने पत्र लिहिलं. पारोळ्याला लग्नाला गेलो तेव्हा पाकीट तिथल्या पेटीत टाकलं. इतकी काळजी घेतली.

पंधरवड्याने माझ्या पत्त्यावर तोतारामचं पार्सल आलं. आत पुस्तकाचं पूर्ण हस्तलिखित, वर माझं कात्रण टाचलेलं. कोपऱ्यात गोलात दहापैकी चार, आणि गोलाखाली माझी सही. दर उन्हाळ्यात विद्यापीठाचे पेपर तपासून हाताला लागलेली खोड. गुण दिले की सही होतेच. चिठ्ठीत एवढंच होतं: "जीवराम, तुन्हं बरोबर शे. तू पास करशी तवयच छापसू."

ते पार्सल मी तसंच पडू दिलं असतं तर तो पुस्तक छापायचा खरोखर थांबला असता. मला माहीत होतं. सहा दिवस पडूही दिलं. सातव्या दिवशी लाल पेन घेऊन बसलो, कारण चूक दिसली की मला राहवत नाही. चुका नऊ निघाल्या. बाकी सगळं इतकं चांगलं होतं की जीव जळला. दहापैकी साडेआठ दिले आणि या वेळी जाणूनबुजून सही केली.

पुस्तक आलं. प्रस्तावनेत माझं नाव होतं. आयुष्यात पहिल्यांदा पुस्तकात छापून आलं, तेही त्याच्या.

लोटन प्रत घेऊन दारात आला. पहिल्या पानावर तोतारामची सही होती.

"तुमचीबी द्या, सर," तो म्हणाला. "इथं, त्यांच्या खाली."

मी दिली.